लायसन्स, नोकरी आणि निलंबन: एका पाकिस्तानी फुटबॉलपटूच्या प्रशिक्षकपदाचं प्रकरण

हे प्रकरण फुटबॉल प्रशिक्षकांच्या अभ्यासवर्गासाठी लिहिलं आहे. यातली व्यक्ती कराचीच्या लियारी भागातली. पाकिस्तानच्या राष्ट्रीय संघातून खेळली, मग प्रशिक्षक झाली. त्यांचं नाव, नोकरीचं खातं आणि ओळख पटेल असे घरगुती तपशील बदलले आहेत. महासंघातल्या भानगडी, निलंबनं आणि लीगच्या तारखा मात्र जशा आहेत तशाच ठेवल्या आहेत, कारण या माणसाच्या आयुष्यात त्याच तारखा निर्णायक ठरल्या. मोहल्ल्यातली मुलं त्यांना उस्ताद म्हणतात. इथेही तेच नाव वापरतो.

आपल्याकडे पाकिस्तानच्या फुटबॉलची बातमी येते ती बहुधा भारताशी सामना असला तरच. २१ जून २०२३ ला बेंगळुरूत सॅफ, म्हणजे दक्षिण आशियाई देशांच्या स्पर्धेत भारतानं त्यांना ४-० हरवलं, तेव्हा व्हिसाच्या घोळामुळे तो संघ सामन्याच्या काही तास आधी शहरात उतरला होता, एवढं अनेकांना आठवत असेल. त्या संघामागची प्रशिक्षकांची फळी कशी तयार होते, किंवा का तयार होत नाही, याकडे कुणाचं लक्ष जात नाही. हे प्रकरण त्याबद्दल आहे.

पार्श्वभूमी

लियारी हा कराचीचा जुना, दाटीवाटीचा, बंदराला लागून असलेला भाग. वस्ती बलोच, मकरानी, कच्छी. क्रिकेटवेड्या देशात हा भाग फुटबॉलचा. विश्वचषकाच्या दिवसांत गल्लीगल्लीत ब्राझीलचे झेंडे रंगवलेले दिसतात. इथल्या मुहम्मद उमर यांनी कोलकात्याच्या मोहम्मडन स्पोर्टिंगचं मैदान गाजवलं. ‘पाकिस्तानचा पेले’ म्हणून ओळखले गेलेले अब्दुल गफूर ढाक्याच्या मोहम्मडनकडून खेळले. १९५० आणि ६० च्या दशकांत कराचीचा चांगला खेळाडू कोलकाता किंवा ढाका गाठायचा आणि पायाच्या जोरावर घर चालवायचा. कोल्हापुरात पेठेच्या आणि तालमीच्या संघाचा सामना म्हणजे घरचं कार्य असतं, तसंच लियारीत मोहल्ल्याच्या क्लबचं आहे.

उस्ताद अशाच एका क्लबात, रेतीच्या मैदानावर वाढले. बचावफळीत खेळायचे. या शतकाच्या सुरुवातीला त्यांना एका सरकारी खात्याच्या संघात जागा मिळाली आणि तिच्याबरोबर नोकरी. पाकिस्तानात याला ‘डिपार्टमेंट’ म्हणतात. मुंबईत रेल्वे, एअर इंडिया, टाटा, मफतलाल यांचे संघ होते, तीच पद्धत. खेळाडू हा कागदोपत्री कर्मचारी असतो, हंगामात सराव करतो, एरवी कार्यालयात सही करतो. २००४ मध्ये देशात राष्ट्रीय लीग सुरू झाली तीही याच पायावर. वापडा म्हणजे पाणी-वीज प्राधिकरण, लष्कर, खान रिसर्च लॅबोरेटरीज ही अणुसंशोधन संस्था, पीआयए ही विमान कंपनी, बँका, कराची पोर्ट ट्रस्ट असे संघ होते. २००४ पासून २०१३-१४ पर्यंतची सगळी विजेतेपदं वापडा, लष्कर आणि खान रिसर्च लॅबोरेटरीज या तिघांतच वाटली गेली. २०१४-१५ मध्ये कराचीच्या के-इलेक्ट्रिक या वीज कंपनीच्या संघानं ती साखळी तोडली.

राष्ट्रीय संघातली उस्तादांची वर्षं याच काळातली. जून २००५ मध्ये भारताचा संघ पाकिस्तानात तीन सामने खेळला. क्वेट्ट्यात १-१ झाली आणि त्या सामन्यात सुनील छेत्रीनं आपला पहिला आंतरराष्ट्रीय गोल केला. पेशावरला भारत जिंकला, लाहोरला पाकिस्तान ३-० नं. पण उस्तादांच्या बोलण्यात पुन्हा पुन्हा येतो तो ऑक्टोबर २००७. विश्वचषक पात्रतेत समोर इराक, त्याच वर्षीचा आशियाई विजेता. लाहोरमध्ये पाकिस्तान ०-७ हरला. सहा दिवसांनी दमास्कसमध्ये परतीचा सामना ०-० सुटला. इराकचं काम पहिल्याच सामन्यात संपलं होतं, हे खरं. तरीही सहा दिवसांत असं काय बदलतं, या प्रश्नानं त्यांना प्रशिक्षणाकडे ओढलं. आधी खेळ पायात होता, तो डोक्यात शिरला, असं ते म्हणतात.

गुडघा दुखावला, वेग कमी झाला. २०१३ च्या सुमारास डिपार्टमेंटनं त्यांना ज्युनियर संघ सांभाळायला सांगितलं. पद तेच, पगार तोच, खेळाडूचा भत्ता तेवढा बंद. घरात कमावते तेच होते. तरीही त्यांनी होकार दिला आणि आशियाई महासंघाचं, म्हणजे एएफसीचं प्रशिक्षकाचं सी लायसन्स केलं. पाठोपाठ बी.

बी लायसन्सच्या वर्गातला एक प्रसंग सांगण्यासारखा आहे. प्रत्येकाला वीस मिनिटांचं सत्र घ्यायचं होतं आणि त्याआधी त्याचा आराखडा कागदावर द्यायचा होता: मैदानाचा आकार, खेळाडूंची संख्या, कुठे थांबवणार, थांबवून काय विचारणार. उस्तादांनी तोवर कधीच काही कागदावर उतरवलं नव्हतं. त्यांचं सत्र रंगलं, मुलं पळाली, पण परीक्षकानं सत्रानंतर विचारलं की डाव्या बॅकनं, म्हणजे डाव्या बाजूच्या बचावपटूनं, चेंडू घेण्याआधी मागे पाहिलं का. उस्ताद सबंध वीस मिनिटं बोलत होते, त्यांनी ते पाहिलंच नव्हतं. तेव्हापासून त्यांच्या सरावात एक नियम आहे. चेंडू येण्याआधी ज्यानं खांद्यावरून मागे नजर टाकली नाही त्याचा पास चांगला गेला तरी खेळ थांबतो, आणि उस्ताद एकच प्रश्न विचारतात: मागे कोण होतं? उत्तर आलं नाही तर चेंडू समोरच्या संघाला.

अडचण

२०१५ मध्ये सगळं एकदम गोठलं. एप्रिलमध्ये पंजाबच्या प्रांतिक संघटनेच्या निवडणुकीवरून पाकिस्तान फुटबॉल महासंघात दोन तट पडले. एका बाजूला २००३ पासून अध्यक्ष असलेले फैसल सालेह हयात, दुसऱ्या बाजूला त्यांचे विरोधक. प्रकरण न्यायालयात गेलं. मार्चमध्ये राष्ट्रीय संघ येमेनविरुद्ध पात्रता सामने खेळला होता. त्यातला घरचा सामनाही लाहोरच्या स्फोटांमुळे बहारीनला हलवावा लागला होता. त्यानंतर तीन वर्षं संघ मैदानात उतरलाच नाही. लीगही बंद. २०१४-१५ नंतर ती थेट २०१८-१९ मध्ये झाली.

न्यायालयानं नेमलेल्या प्रशासकाकडे महासंघाचं कार्यालय आणि बँक खाती गेली. फिफाच्या नियमांनुसार हा बाहेरचा हस्तक्षेप, म्हणून ऑक्टोबर २०१७ मध्ये फिफानं महासंघाला निलंबित केलं. मार्च २०१८ मध्ये निलंबन उठलं. डिसेंबर २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानं निवडणूक झाली, अश्फाक हुसेन शाह निवडून आले, पण फिफानं ती निवडणूक मानली नाही. सप्टेंबर २०१९ मध्ये फिफानं महासंघ चालवायला स्वतःची समिती नेमली. २७ मार्च २०२१ ला अश्फाक गटानं लाहोरच्या मुख्यालयात शिरून समितीकडून ताबा घेतला. कराचीत तेव्हा महिलांची राष्ट्रीय स्पर्धा सुरू होती, ती अर्धवट सोडावी लागली. एप्रिलमध्ये दुसरं निलंबन आलं, ते जून २०२२ च्या अखेरीस उठलं. तिसरं फेब्रुवारी २०२५ मध्ये, सुधारित घटना मंजूर न केल्याबद्दल. ते मात्र मार्चच्या सुरुवातीलाच संपलं.

निलंबन म्हटलं की राष्ट्रीय संघाचे सामने बंद, एवढंच बहुतेकांना कळतं. प्रशिक्षकाला बसणारा फटका त्या पत्रातल्या दुसऱ्या वाक्यात असतो. निलंबित महासंघाच्या सदस्यांना आणि पदाधिकाऱ्यांना फिफा व एएफसीच्या कोणत्याही विकास कार्यक्रमाचा, अभ्यासक्रमाचा, प्रशिक्षणाचा लाभ घेता येत नाही. लायसन्सची शिडी सी, बी, ए, प्रो अशी आहे, आणि ती उभी असते महासंघाच्या खांद्यावर. अर्ज महासंघामार्फत जातो, शिफारस महासंघ करतो. आशियाई स्पर्धेत उतरणाऱ्या क्लबच्या मुख्य प्रशिक्षकाकडे वरचं लायसन्स असावंच लागतं. महासंघ खाली बसला की बी लायसन्सवाला माणूस बीवरच राहतो, मग त्याचा सराव कितीही चांगला असो.

आपल्याला हे फार दूरचं वाटायचं कारण नाही. ऑगस्ट २०२२ मध्ये भारताचा महासंघही अशाच कारणानं निलंबित झाला होता. गोकुलम केरळच्या मुली ताश्कंदला पोचल्या होत्या, त्यांना आशियाई स्पर्धा न खेळता परतावं लागलं. आपलं निलंबन अकरा-बारा दिवसांत उठलं. उस्तादांच्या वाट्याला पहिल्या दोन वेळी मिळून वीस महिने आले, आणि त्याच्या अलीकडे-पलीकडे रिकामी वर्षं.

पहिला निर्णय: कुणाच्या बाजूला उभं राहायचं

२०१५ च्या उन्हाळ्यात दोन्ही तट आपापल्या बाजूची माणसं जमवत होते. माजी आंतरराष्ट्रीय खेळाडूच्या सहीला किंमत होती. उस्तादांकडे एका बाजूनं पाठिंब्याचं पत्र आलं, पुढे दुसऱ्या बाजूनंही निरोप आला. बोलण्यात सूचकपणे राष्ट्रीय संघाच्या प्रशिक्षक फळीतली जागा होती.

पर्याय तीन. सत्ताधारी गटाला सही द्यायची, विरोधकांना द्यायची, किंवा कुणालाच नाही. पहिल्यात फिफाची मान्यता होती, दुसऱ्यात न्यायालयाचा जोर. तिसऱ्यात काहीच नव्हतं. उस्तादांनी तिसरा निवडला. त्यामागे फार मोठा विचार होता असं ते म्हणत नाहीत. लियारीतल्या क्लबांमध्येच फूट पडली होती, एका गल्लीत एक गट, पुढच्या गल्लीत दुसरा. सही केली असती तर अर्धी मुलं सरावाला यायची बंद झाली असती.

माझ्या मते हा त्यांच्या सगळ्या कारकिर्दीतला सर्वात चांगला निर्णय. त्या वेळी मात्र त्याची किंमत त्यांनीच मोजली. पुढची तीन वर्षं कुठल्याच यादीत त्यांचं नाव नव्हतं. ज्यांनी सह्या केल्या त्यांना बाजू पालटली की घरी बसावं लागलं, हे दिसायला बरीच वर्षं जावी लागली.

लीग बंद असल्यानं या काळात डिपार्टमेंटचा संघ नावापुरता उरला. उस्तादांना कार्यालयात आवक-जावक नोंदवहीचं काम मिळालं. संध्याकाळी ते मोहल्ल्याच्या मैदानावर पंधराखालील मुलांना शिकवायचे, बिनपैशाचं. २०१३ च्या आधी लियारीत टोळीयुद्ध भडकलेलं असताना हीच मैदानं रिकामी पडायची. आता मुलं परत येत होती, आणि त्यांना सांभाळायला सरकारी माणूस कुणी नव्हता.

दुसरा निर्णय: शिबिर की अभ्यासक्रम

प्रकरणाचा गाभा इथे आहे, म्हणून जरा थांबून सांगतो.

मार्च २०१८ मध्ये पहिलं निलंबन उठलं आणि एकदम दारं उघडली. परदेशी प्रशिक्षक आला, ब्राझीलचे नोगेइरा. त्या ऑगस्टमध्ये जकार्ताच्या आशियाई खेळांत २३ वर्षांखालच्या संघानं नेपाळला हरवलं. सप्टेंबरमध्ये ढाक्याच्या सॅफ स्पर्धेत राष्ट्रीय संघ उपांत्य फेरीपर्यंत गेला आणि भारताकडून १-३ हरला. लीग परतली. वयोगटांची शिबिरं लागली. तीन वर्षं बाकावर बसलेल्या प्रत्येकाला आता मैदानात उतरायचं होतं.

उस्तादांच्या हातात एकाच वेळी दोन गोष्टी आल्या. एक, वयोगटाच्या राष्ट्रीय शिबिरात सहायक म्हणून बोलावणं. दुसरी, देशाबाहेरच्या एका ए लायसन्स अभ्यासक्रमात जागा मिळण्याची शक्यता. हा अभ्यासक्रम सलग नसतो. काही दिवस वर्ग, मग आपल्या संघाबरोबर काम, मग पुन्हा वर्ग, असा तो अनेक महिने चालतो. खर्चाचा मोठा भाग स्वतःचा. दोन्हींसाठी डिपार्टमेंटचं ना-हरकत पत्र हवं, आणि डिपार्टमेंटनं स्पष्ट सांगितलं की वर्षात एकाच कामासाठी सोडू.

उस्तादांनी जे तोलून पाहिलं ते असं. शिबिर म्हणजे अंगावर देशाचा ट्रॅकसूट, दैनिक भत्ता, घरात आनंद, मोहल्ल्यात मान. शिवाय तीन वर्षांच्या वनवासानंतर आपल्याला विसरले नाहीत याचा पुरावा. अभ्यासक्रम म्हणजे कर्ज, इंग्रजीत लिहायचे आराखडे, आणि नापास होण्याची भीती. इंग्रजीची ही भीती खरी होती. ते बलोची, उर्दू आणि थोडी सिंधी बोलतात. इंग्रजी त्यांना वाचता येतं, लिहिताना हात थांबतो. त्यांना वाटलं, निलंबन आता उठलंच आहे, अभ्यासक्रम पुढच्या वर्षीही असेल.

त्यांनी शिबिर निवडलं. शिबिर चांगलं झालं, पुढच्या वर्षी पुन्हा बोलावणं आलं, तेही त्यांनी घेतलं. तिसऱ्या वर्षी, २०२० मध्ये, अर्ज भरायला बसले तेव्हा कोविड आला. २०२१ च्या सुरुवातीला ना-हरकत पत्राची फाइल पुन्हा फिरू लागली. एका टेबलावर ती पडून होती, कारण साहेब रजेवर होते. ती सही होऊन खाली आली तोवर लाहोरच्या मुख्यालयावरचा कब्जा होऊन गेला होता आणि फिफाचं पत्रही. अर्ज पुढे गेलाच नाही.

मार्च २०१८ ते एप्रिल २०२१ ही तीन वर्षं म्हणजे एक खिडकी होती. बंद झाल्यावरच ती खिडकी होती हे कळलं.

तिसरा निर्णय: नोकरी जाताना

दुसरं निलंबन सुरू असतानाच पायाखालची दुसरी फळी सरकली. इम्रान खान सरकारचं आधीपासूनचं मत होतं की खात्यांचे संघ नकोत, प्रांत आणि शहरांचे संघ हवेत. क्रिकेटमध्ये २०१९ लाच ते अमलात आलं होतं. २०२१ मध्ये सगळ्याच खात्यांना क्रीडा विभाग गुंडाळायला सांगण्यात आलं. विचार म्हणून त्यात तथ्य आहे. शहराचा संघ असला की प्रेक्षक येतात, खात्याच्या संघाला कोण टाळ्या वाजवणार? पण शहरांचे संघ उभे राहायच्या आधीच खात्यांचे काढून घेतले, आणि मधल्या पोकळीत खेळाडूंची आणि प्रशिक्षकांची घरं अडकली. मुंबईत २०१० मध्ये महिंद्र युनायटेड हा कंपनीचा फुटबॉल संघ बंद झाला तेव्हा आपण हे लहान प्रमाणात पाहिलं आहे.

उस्तादांच्या डिपार्टमेंटनं कंत्राटी खेळाडूंना थेट घरी पाठवलं. कायम कर्मचाऱ्यांना दोन वाटा दिल्या: ठोक रक्कम घेऊन निवृत्ती, नाहीतर खेळाशी संबंध नसलेल्या दुसऱ्या विभागात बदली. शिवाय आखातातून बोलावणं होतं. मकरानच्या किनाऱ्यावरच्या बलोच कुटुंबांची अर्धी माणसं पिढ्यान्‌पिढ्या मस्कत, बहारीन, दुबईत आहेत. उस्तादांचे एक मोठे भाऊ तिथेच. त्यांनी एका खासगी अकादमीत मुलांना शिकवण्याची नोकरी बघून ठेवली होती. पगार कराचीच्या कितीतरी पट.

घरात यावर बरीच ओढाताण झाली. पत्नीचं म्हणणं होतं की जा, दोन मुलींची शिक्षणं आहेत. भावाचं म्हणणं, आल्यावर लायसन्सही तिकडूनच बघू. उस्तादांची अडचण अशी की तिकडे ते सात-आठ वर्षांच्या मुलांना चेंडूशी खेळवणारे एक शिक्षक असणार होते. वरच्या वयोगटाचा संघ हातात नसला की ए लायसन्सच्या मधल्या टप्प्यातलं काम दाखवायचं कुणावर?

त्यांनी मधली वाट काढली. ठोक रक्कम घेतली नाही, बदली घेतली. सकाळी वखारीच्या विभागात हजेरी, दुपारनंतर कराचीच्याच क्लिफ्टन भागाकडच्या एका खासगी शाळेत फुटबॉल शिकवण्याचं काम, आणि संध्याकाळी लियारीतली आपली मुलं. शाळेच्या पैशातून त्यांनी मैदानावर पाण्याचा टँकर आणि दिव्यांची सोय केली. आणि याच काळात स्वतःसाठी इंग्रजीची शिकवणी सुरू केली. शिकवणी घेणारी मुलगी त्यांच्याच एका जुन्या खेळाडूची बहीण, महाविद्यालयात शिकणारी. ती त्यांच्याकडून सत्राचे आराखडे लिहून घ्यायची आणि लाल पेनानं दुरुस्त करायची. राष्ट्रीय संघातून खेळलेल्या माणसानं विशीतल्या मुलीकडून अशी वही तपासून घेणं सोपं नसतं. त्यांनी ते वर्षभर केलं, आणि मला या सगळ्या प्रकरणात याचंच सर्वात जास्त कौतुक वाटतं.

परिणाम

जून २०२२ च्या अखेरीस निलंबन उठलं. ऑगस्टमध्ये शाहबाज शरीफ सरकारनं खात्यांचे संघ पुन्हा सुरू करायला सांगितलं. उस्तादांच्या डिपार्टमेंटनं संघ पुन्हा उभा केला, पण लहान, आणि प्रशिक्षक म्हणून बाहेरचा माणूस घेतला. कारण विचारल्यावर उत्तर मिळालं की त्या माणसाकडे ए लायसन्स आहे.

यावेळी उस्तादांनी वाट पाहिली नाही. वयोगटाच्या शिबिराचं बोलावणं पुन्हा आलं, त्यांनी नम्रपणे नकार कळवला आणि त्याच आठवड्यात अभ्यासक्रमाचा अर्ज भरला. १७ ऑक्टोबर २०२३ ला इस्लामाबादच्या जिना स्टेडियममध्ये पाकिस्तान कंबोडियाला १-० हरवून विश्वचषक पात्रतेतला आपला पहिला विजय मिळवत होता. गोल इंग्लंडमध्ये वाढलेल्या हारून हमीदचा, प्रशिक्षक स्टीफन कॉन्स्टंटाइन, आधी भारताच्या संघाचे प्रशिक्षक असल्यानं भारतीयांना चांगले ठाऊक. उस्ताद तो सामना फोनच्या पडद्यावर बघत होते, समोर अभ्यासक्रमाची वही उघडी ठेवून.

ए लायसन्स त्यांच्या हातात आलं तेव्हा ते चाळिशीच्या पुढे होते. फेब्रुवारी २०२५ चं निलंबन महिन्याच्या आत उठल्यानं त्याचा त्यांना फारसा त्रास झाला नाही. आज ते एका वयोगटाच्या संघाचे मुख्य प्रशिक्षक आहेत आणि लियारीतला सराव चालूच आहे. त्यात आता मुलींचाही गट आहे. त्यांच्या हाताखालच्या दोन तरुण प्रशिक्षकांचे अर्ज महासंघाकडे गेले आहेत, एकाचा सीसाठी, एकाचा बीसाठी. मोठ्या संघाचं मुख्य प्रशिक्षकपद मात्र अजून आलेलं नाही. ज्या वयात त्यांना प्रो लायसन्सच्या रांगेत असायला हवं होतं, त्या वयात ते एच्या रांगेत होते.

वेगळं काय करता आलं असतं

उस्तादांच्या बाजूनं पाहिलं तर २०१८ चा निर्णय उलटा व्हायला हवा होता. शिबिराचं काम दरवर्षी येतं, कारण शिबिराला माणसं लागतातच. अभ्यासक्रमाची जागा महासंघ जागेवर असेल तेव्हाच येते, आणि २०१५ ते २०१८ या काळात तो जागेवर नसणं म्हणजे काय हे त्यांनी स्वतः पाहिलं होतं. इंग्रजीची शिकवणी त्या रिकाम्या तीन वर्षांत झाली असती तर २०१८ मध्ये भीतीचं कारणच उरलं नसतं. तेव्हा त्यांच्याकडे वेळ होता. पैसा नव्हता हे खरं, पण ज्या मुलीनं पुढे शिकवलं तिनं एक रुपयाही घेतला नाही.

डिपार्टमेंटचा दोष मी मोठा मानतो. वर्षात एकाच कामासाठी सोडण्याचा नियम खेळाडूसाठी ठीक आहे, प्रशिक्षकासाठी तो चुकीचा आहे. लायसन्स वाढलं तर त्याचा उपयोग डिपार्टमेंटलाच होतो. फाइल महिनोन्‌महिने टेबलावर ठेवायची आणि नंतर त्याच माणसाला लायसन्स नाही म्हणून डावलायचं, याला मी तरी अन्यायच म्हणेन. आपल्या राज्यात रेल्वे, पोलीस किंवा बँकेच्या नोकरीत असलेल्या प्रशिक्षकांनी हा भाग लक्ष देऊन वाचावा. ना-हरकत पत्राचा अर्ज अभ्यासक्रम जाहीर होण्याआधीच, सर्वसाधारण स्वरूपाचा का होईना, दाखल करून ठेवता येतो. जाहिरात आल्यावर फक्त तारीख भरायची राहते.

फिफाच्या निलंबनाबद्दलही बोललं पाहिजे. महासंघ ताब्यात घेणाऱ्यांना शिक्षा व्हावी, यात वाद नाही. पण खालच्या सी आणि बी पातळीच्या प्रशिक्षकांचं शिक्षण त्या शिक्षेतून वगळलं तर नुकसान कुणाचं होणार आहे? लाहोरच्या मुख्यालयात शिरलेल्यांपैकी कुणाला लायसन्सची गरज नव्हती.

उस्तादांना माझं २०१८ बद्दलचं म्हणणं मान्य नाही. त्या पहिल्या शिबिरात त्यांना एक डावा बॅक सापडला, बलुचिस्तानातल्या चमनकडचा, जो संघाच्या यादीत शेवटच्या दिवशी केवळ त्यांच्या आग्रहामुळे राहिला. तो आज डिपार्टमेंटमध्ये कायम नोकरीत आहे आणि त्याच्या पगारावर आठ माणसांचं घर चालतं. मी तिकडे गेलो नसतो तर तो मुलगा ट्रकवर क्लीनर असता, असं ते सांगतात, आणि हा सौदा पुन्हा करायची वेळ आली तरी तोच करेन म्हणतात. मला ते पटत नाही. ए लायसन्स घेऊन ते दोन वर्षांनी त्याच शिबिराचे मुख्य प्रशिक्षक झाले असते, तर शेवटच्या दिवशी कुणाकडे आग्रह धरायची वेळच आली नसती, आणि यादीत राहिलेला मुलगा एकच नसता. यावर आमचं अजून एकमत झालेलं नाही.